रोजचा गुरुवार

माझी बहीण म्हणते, तू फोन उचललास की आधी भांडतेस आणि मग हॅलो म्हणतेस. खोटं नाही ते. राग माझ्या नाकावरच असतो. पण ती परभणीत राहते, नवरा शाळामास्तर, तिची सुट्टी रविवारी. माझी गुरुवारी. ती रविवारी निवांत बसून फोन लावते तेव्हा माझा फोन कंपनीच्या लॉकरमध्ये असतो आणि मी कारखान्यात लाइनवर. गुरुवारी मी लावते तेव्हा ती पोरांचे डबे भरत असते. "बोल पटकन," म्हणते. मग भांडण होणार नाही तर काय होणार?

पिंपरी-चिंचवडपासून चाकणपर्यंत बहुतेक कारखान्यांची सुट्टी गुरुवारी. कधीकाळी विजेचा भार वाटून घ्यायला हा वार ठरला म्हणतात. ठरवणारे ठरवून गेले, वार आमच्या गळ्यात राहिला. बाहेरच्या माणसाला यात विशेष काही वाटायचं नाही, सुट्टी ती सुट्टी. पण लग्नं रविवारी असतात. बारसं, साखरपुडा, मुलगी बघणं, सगळं रविवारी. रविवारी जग एकमेकांच्या घरी जातं आणि आम्ही कामावर. गुरुवारी आम्ही मोकळे आणि जग कामावर. एकट्या बाईला तो वार खायला उठतो. मी युनिफॉर्म धुते, खोली पुसते, भाजी आणते, आणि दुपारी लक्षात येतं की सकाळपासून आपण फक्त भाजीवाल्याशी बोललो, तेही कोथिंबिरीवरून. मला एकटं वाटतं. गोड शब्दांत सांगायची माझी पद्धत नाही, म्हणून सरळ सांगते.

चाकणच्या एका कंपनीत मी गाड्यांच्या पोटात बसवायच्या वायरींच्या जुड्या तपासते. राहते आकुर्डीत, एका खोलीत. हमरस्त्याच्या कडेला आमचा थांबा आहे. त्याला खांब नाही, पाटी नाही, छप्पर नाही. पहिल्या पाळीच्या वेळेला तिथं माणसं उभी राहतात म्हणून तो थांबा. प्रत्येकाची कंपनी वेगळी, कंपनीची गाडी वेगळी, आणि उभं राहायची जागा ठरलेली. कोणी कोणाशी बोलत नाही. शर्टावर कंपनीचं नाव असतं, माणसाचं नसतं, म्हणून आम्ही एकमेकांना मालावरून ओळखतो. एक रबरवाला आहे, कोकणातला, भरघोस मिशांचा. एक काचवाली आहे, कानात कायम गाणी. मी वायरवाली. वर्षानुवर्षं शेजारी उभी राहिलेली माणसं आणि एकाचं नाव दुसऱ्याला ठाऊक नाही. याचा मला राग यायचा, पण विचारलं मीही नाही. विचारलं की माणूस उत्तर देतो, आणि मग रोज बोलावं लागतं.

एक रीत मात्र सगळे पाळायचे. कोणाची गाडी आली आणि तो माणूस अजून लांबून पळत येत असला, तर जो कोणी उभा असेल त्यानं गाडीच्या दाराला हात लावायचा आणि म्हणायचं, "येतायत, येतायत." मग ड्रायव्हर थांबतो. मी नवीन होते तेव्हा मला ही रीत माहीत नव्हती. एकदा चपलेचा अंगठा तुटला, मी एक पाय अनवाणी टाकत पळत सुटले, आणि बघते तर एक पांढऱ्या केसांचे काका माझ्या गाडीच्या दाराशी नव्हे, थेट समोर उभे. हातात डब्याची पिशवी, शर्टाच्या बाह्या दुमडलेल्या. ड्रायव्हर हॉर्न मारतोय आणि हे ढिम्म.

"पळतीस कशाला पोरी? धरलीया न्हवं गाडी मी," असं म्हणाले आणि बाजूला झाले.

ते टूलरूमवाले काका, कारखान्याचे साचे आणि हत्यारं घडवणारे. त्यांची कंपनी आधी भोसरीत होती, मग चाकणला गेली, तिच्याबरोबर हेही जायला लागले. इथल्याच जुन्या गावातले. रस्त्याकडेची जमीन पूर्वी यांची, ती सरकारनं प्राधिकरणासाठी घेतली आणि हे तरुणपणी कामाला लागले. एकदा माझ्या पायाकडे बोट करून म्हणाले, "तू उभी हायस ना, तितं आमची ज्वारी असायची." मी उगीच एक पाऊल मागं सरकले. ते हसले. आमचं बोलणं एवढंच. बाकी रोज एक मान हलवणं. पण ज्या दिवशी ती मान हललेली दिसायची नाही त्या दिवशी मला लाइनवर चुका सापडायच्या नाहीत, हे मी कोणाला सांगितलं नव्हतं.

मग ते निवृत्त झाले. आमच्याकडे माणूस निवृत्त झाला की टूलरूममधली, लाइनवरची मंडळी त्याला गाडीतून वाजतगाजत घरी पोचवतात. मी पाळी संपवून येत होते आणि गावातल्या आळीच्या तोंडाशी फुलं लावलेली गाडी उभी. ताशा वाजतोय. काका पुढच्या सीटवर फेटा बांधून, नवरदेवासारखे बसवलेले आणि नवरदेवासारखेच घाबरलेले. मी लांबूनच पाहिलं. माझं त्यांच्याशी नातं काय, म्हणून पुढं जाणार? दुसऱ्या दिवशी थांब्यावर त्यांची जागा रिकामी होती. तिथं कोणी उभं राहिलं नाही. मला वाईट वाटलं, आणि वाईट वाटल्याबद्दल स्वतःचा रागही आला.

काही महिन्यांनी एका पहाटे काका परत त्यांच्या जागी उभे. तोच युनिफॉर्म, तीच पिशवी, गळ्यात ओळखपत्राची पट्टी. मला वाटलं, कंत्राटावर परत घेतलं असेल, घेतात बऱ्याच जणांना. त्यांची गाडी आली, ते चढले, डावीकडच्या खिडकीशी बसले. सगळं पहिल्यासारखं. मी मान हलवली, त्यांनी हलवली, आणि त्या दिवशी मी लाइनवर कोणावर ओरडले नाही.

खरं काय ते मला माझी गाडी तळवड्याजवळ बंद पडली तेव्हा कळलं. मागून काकांची गाडी आली, ड्रायव्हरनं आम्हा दोघी-तिघींना घेतलं. त्यांच्या कंपनीच्या गेटवर सगळे उतरले, कार्ड दाखवून आत गेले. काका उतरलेच नाहीत. खिडकीशी बसून गेटकडे बघत राहिले. मी ड्रायव्हरकडे बघितलं. तो बीडकडचा, केस पिकलेला माणूस. खालच्या आवाजात म्हणाला, "रिटायर झालेत, ताई. डोक्यातून गेलंय त्यांच्या. एक दिवस परत थांब्यावर उभे दिसले. मी काय गाडी न थांबवता जाऊ? इतकी वर्षं थांबवलीय."

मग त्यानं सांगितलं ते असं. गाडी गेटबाहेर झाडाखाली लावायची. काका तिथं बसून डब्यातली पोळी खातात. रात्रपाळीची माणसं बाहेर आली की गाडी परत आकुर्डीला निघते. थांब्यावर रात्रपाळीतलं कोणीतरी काकांबरोबर उतरतं आणि आळीच्या तोंडापर्यंत त्यांना सोडतं. कोण सोडतं? जो उतरेल तो. हे कोणी ठरवलं नव्हतं, कोणी कोणाला सांगितलं नव्हतं. गाडीत त्यांच्या सीटवर कोणी बसत नव्हतं, बस्स. आणि गुरुवारी? गुरुवारी काका येत नाहीत, ड्रायव्हर म्हणाला. बाकी सगळं विसरले, मुलाचं नाव विसरले, पण गुरुवार अंगात मुरलाय. गुरुवारी उशिरापर्यंत झोपतात.

इतकी माणसं इतकं चांगलं वागतात आणि मला पत्ता नाही, म्हणून मी गाडीतून उतरताना जरा चिडलेच होते. माझा स्वभावच तसा.

चांगलं ते टिकत नाही. त्या कंपनीनं गाड्यांचा ठेका बदलला. नवीन ठेकेदार, नवीन गाड्या, नवीन ड्रायव्हर. दाराशी कार्ड लावायचं मशीन. म्हणे जुन्या काही गाड्यांत बाहेरचे प्रवासी पैसे घेऊन नेत होते. नेत असतील, त्यांना पकडा की. चोर सोडून संन्याशाला फाशी द्यायची ही कुठली रीत? जुना ड्रायव्हर कुठं गेला ते कोणी विचारलं नाही.

तो मंगळवार होता. गाडी आली, आत्तापर्यंत ज्यांच्यामागे काका चढायचे ती माणसं चढली, प्रत्येकाच्या कार्डाला मशीन टुक वाजलं. काकांनी गळ्यातली पट्टी पुढं केली. पट्टीला प्लास्टिकचं रिकामं पाकीट. कार्ड निवृत्तीच्या दिवशीच जमा झालेलं. त्यांनी रिकामं पाकीट मशीनला लावलं. मशीन गप्प. परत लावलं, पालथं करून लावलं. गाडीत एक सुपरवायझर होता, तिशीचा, गळ्यात तसंच पण भरलेलं पाकीट. तो म्हणाला, "काका, उतरा. बाहेरची माणसं अलाउड नाहीत."

बाहेरची माणसं! ज्यांच्या ज्वारीवर तुझी गाडी उभी आहे ते बाहेरचे, आणि तू काल आलास तो आतला.

"आरं, टूलरूमचा हाय मी," काका म्हणाले. "इचार ना ह्यास्नी."

आणि त्यांनी गाडीत वळून बघितलं. चाळीसएक माणसं होती आत. त्यांच्या हाताखाली शिकलेली होती, त्यांचा फेटा बांधणारी होती, कालपर्यंत त्यांची सीट राखणारी होती. सगळी मोबाइलमध्ये. मूग गिळून बसली. मला माहीत आहे, त्यातली निम्मी कंत्राटावर आहेत, एक शब्द बोलला की दुसऱ्या दिवशी गेटवर नाव नसतं. मला समजतं ते. पण समजलं म्हणून राग जात नाही. माझा अजून गेलेला नाही. एकानं, नुसतं एकानं मान वर करून "हो, आमचे काका आहेत" म्हटलं असतं, तरी काका कदाचित उतरून गुपचूप घरी गेले असते. सुपरवायझरनं त्यांच्या कोपराला धरून खाली घेतलं. हळूच घेतलं, ढकललं नाही, तेही सांगते. दार बंद झालं.

काका क्षणभर उभे राहिले. मग पिशवी खांद्याला अडकवली आणि चाकणच्या दिशेनं चालायला लागले.

तेवढ्यात माझी गाडी आली. रबरवाल्यानं दाराला हात लावून धरली आणि मला हाक मारली, "ओ वायरवाल्या ताई, चला!" मी हातानंच जा म्हटलं आणि काकांच्या मागं निघाले. मोठं काही केलं असं नाही. डोक्यात सणक गेली होती, त्या अवस्थेत मी लाइनवर गेले असते तर कोणाचं तरी डोकं फोडलं असतं.

ते भराभर चालत होते. बाजूनं कंटेनर चाललेले, कारची रांग, आणि हे रस्त्याच्या कडेनं नव्हे, जवळजवळ मधून. मी गाठलं. "काका, परत फिरा." ऐकतच नाहीत. "भोंगा व्हायच्या आत पोचाया पायजे. लेट मार्क न्हाई लागला आजवर." मी म्हटलं, तुम्ही निवृत्त झालात. ते म्हणाले, "व्हय, व्हय," आणि चालत राहिले. मुलाला फोन करू म्हटलं तर त्यांना नंबर येईना. दंड धरला तर झटकला. अंगात ताकद होती, हयातभर लोखंड उचललेला हात. समोर पुलाखालचा मोठा चौक दिसत होता, तिथं सिग्नल कोणी पाळत नाही.

मला एकदम सुचलं ते मी ओरडूनच बोलले, "अहो काका, आज गुरुवार आहे!"

ते जागच्या जागी थांबले.

"बेस्तरवार?" गुरुवारला ते बेस्तरवार म्हणत. त्यांनी आभाळाकडे पाहिलं, जसं काही तिथं वार लिहिलेला असतो. खांदे सैल झाले. मग माझ्याकडे नीट बघितलं, वरपासून खालपर्यंत. "मंग तू कशी युनिफॉर्मात?"

म्हातारा विसरला होता, पण बावळट नव्हता.

"ओटी आहे," मी म्हटलं. "ओव्हरटाइमला बोलावलंय."

आणि काका भडकले. एवढं चिडलेलं मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं. "बेस्तरवारी बोलावत्यात? आन तू जाती? आमी न्हाई कंदी गेलो. युनियनला सांग. सुट्टीचा दिस माणसाचा असतो, कंपनीचा न्हाई." चौकाकडे पाठ करून ते मला झापत झापत घराकडे निघाले. मी मागून मान खाली घालून. रस्त्यावरच्या लोकांना वाटलं असेल, बाप लेकीला बोलतोय.

आळीतल्या घराचे चार मजले झालेत, तीन भाड्यानं दिलेले. सून दारातच उभी होती. सासऱ्यांना ती मामंजी म्हणे. "गाडीतून न्हाई आलं का मामंजी?" तिनं विचारलं, म्हणजे तिला सगळं ठाऊक होतं. डबा तीच बांधायची. "न्हाई बांधला तर सगळं घर हुडकत्यात, ताई. कडी लावली तर दार बडवत्यात, आळी उठती." तेवढ्यात मुलगा आला, जमिनीच्या व्यवहारातला, हातात मोठ्या गाडीची किल्ली. मी सांगितलं काय झालं ते. त्यानं ऐकलं आणि म्हणाला, "थँक्यू ताई. रिक्षाचे किती झाले?"

चालत आलोय आम्ही, असं मी म्हणाले आणि निघाले. आणखी दोन शब्द बोलले, ते इथं लिहीत नाही.

दुसऱ्या दिवशी काका परत थांब्यावर. कालचं काही आठवत नव्हतं. नवी गाडी यायच्या आत मी जाऊन म्हटलं, "काका, आज गुरुवार." त्यांनी माझं ऐकलं, पण विश्वास पुरता बसेना. टूलरूमचा माणूस, एकदा मोजून थांबत नाही. रबरवाल्याला विचारायला गेले, "का रं, बेस्तरवार हाय का आज?" रबरवाला माझ्याकडे बघायला लागला. मी डोळे वटारले. "हो, गुरुवारच," तो म्हणाला. "मंग तुजा युनिफॉर्म?" रबरवाला गडबडला. मीच म्हटलं, "ओटी." काकांनी आम्हा दोघांना झाडलं आणि घरी गेले.

म्हणजे आता सगळ्यांना सांगणं भाग होतं. ज्या माणसांशी वर्षानुवर्षं बोलले नव्हते त्यांच्यासमोर एकेक करून जाऊन उभी राहिले. काचवालीनं कानातली वायर काढली, ऐकलं, आणि म्हणाली, "मला वाटायचं तुम्ही रागीट आहात." मी म्हटलं, आहेच. रबरवाल्याचं म्हणणं, "अहो पण रोज रोज गुरुवार कसा असेल? म्हाताऱ्याला कळेल एक दिवस." नाही कळलं. रोज पहाटे काका यायचे, एकाला विचारायचे, दुसऱ्याकडून खात्री करून घ्यायचे, अख्खा थांबा युनिफॉर्मात बघून खवळायचे. "सगळ्यांनाच वोव्हरटाइम? लाज न्हाई वाटत? बायकापोरं हायेत का न्हाईत तुमाला?" आम्ही उभे राहून ऐकून घ्यायचो. एक जण त्यांना आळीपर्यंत सोडून यायचा, तोवर दुसऱ्यानं त्याची गाडी धरून ठेवायची. घरी जाऊन ते न्याहारी करून झोपायचे, सून म्हणाली.

त्यांचं ते बोलणं मला झोंबायचं, कारण ते खरं होतं. आम्हाला गुरुवारी बोलावतात. माल अडकला की बोलावतात, आणि आम्ही जातो. माझ्या मनात होतं ते सगळं तो माणूस रोज पहाटे रस्त्यावर उभा राहून मोठ्यानं म्हणत होता, आणि आम्ही त्याला आजारी समजत होतो.

पावसाळा उलटून गेला तसा हा रोजचा गुरुवार आमच्या अंगवळणी पडला. आणि मग एका शुक्रवारी पहाटे काकांच्या ऐवजी सून आली. डोळे सुजलेले.

"काल मामंजी इतं आल्ते," ती म्हणाली.

काल गुरुवार होता. खरा. थांब्यावर चिटपाखरू नाही. काका युनिफॉर्म घालून आले आणि उभे राहिले. गाडी नाही, माणूस नाही. वार सांगायला कोणी नाही. ऊन डोक्यावर येईपर्यंत तिथंच उभे. तिला वाटलं झोपलेत, कारण गुरुवार, गुरुवारी ते झोपतातच. शेवटी भाडेकरूनं पाहिलं आणि कळवलं. "लई घाबरल्यालं," ती म्हणाली. "सगळी कुटं गेली, सगळी कुटं गेली, येवढंच म्हणत व्हते. मी सांगितलं आज सुट्टी, तर म्हनले, घरातल्या मानसांचं काय खरं, त्यांना रोजच सुट्टी."

एवढी एक गोष्ट त्यांच्याजवळ शाबूत होती. सात दिवसांतला एक दिवस त्यांना न सांगता कळायचा. रोज गुरुवार सांगून सांगून आम्ही तोही मोडून टाकला होता. मला भयंकर संताप आला. पण कोणावर चिडायचं तेच कळेना. गाडीतल्या एका रिकाम्या सीटचा प्रश्न होता. ती सीट आजही रिकामी जात असेल.

पुढच्या गुरुवारी मी पहाटे उठले. सुट्टीच्या दिवशी, गजर लावून. स्वतःला शिव्या घालत अंगावर घरातला ड्रेस चढवला आणि थांब्यावर गेले. बघते तर रबरवाला तिथं, हाफ पँटमध्ये, केस विस्कटलेले. काचवाली गाऊनवर ओढणी घेऊन आलेली. मी कोणालाही बोलावलं नव्हतं. आम्ही तिघं एकमेकांकडे बघतच नव्हतो. युनिफॉर्मशिवाय कोणी कोणाला पाहिलं नव्हतं, भलतीच लाज वाटत होती.

काका आले. कडक इस्त्री. आमच्यापासून बरेच लांब उभे राहिले. वाट बघू लागले. मी जवळ गेले. "काका, आज गुरुवार आहे. घरी चला."

त्यांनी माझ्याकडे परक्या बाईकडे बघावं तसं बघितलं. "बाई, इतं कंपनीची मानसं असत्यात रोज. गेली का सगळी?"

"आम्हीच ती, काका."

"थट्टा नका करू," ते म्हणाले. "त्यास्नी मी वळखतो."

रबरवाल्यानं सांगून पाहिलं, काचवालीनं सांगून पाहिलं. तिघांनी घेरल्यावर ते आणखीच बिचकले आणि पिशवी छातीशी धरून रस्त्याकडे सरकायला लागले. मी रबरवाल्याला म्हटलं, "रस्त्यात जाऊ देऊ नका," आणि पळत खोलीवर आले.

युनिफॉर्म आदल्या संध्याकाळीच बादलीत भिजत टाकलेला. बाहेर काढला, पिळला आणि ओलाच अंगात घातला. जिन्यातून उतरताना पाठीला चिकटत होता, थंडी वाजत होती, आणि मी मोठमोठ्यानं बोलत होते, एकटीच. शेजारणीनं दार उघडून पाहिलं.

काकांनी मला लांबूनच ओळखलं. चेहरा उजळला त्यांचा. "आलीस? ही कोन मानसं हायेत, बेस्तरवार हाय म्हणत्यात. खरं का?"

"खरं आहे, काका."

"मंग तू युनिफॉर्मात?"

"ओटी."

त्यांनी माझी बाही चिमटीत धरली. पाणी निथळत होतं. "आन वला कशापायी?"

"वाळला नाही," मी म्हटलं.

काकांनी बाही पिळून पाणी गाळलं. मग म्हणाले, "सुट्टीचा दिस कापडं वाळवायचा असतो गं. त्यो बी घेतला का ह्यांनी?" या वेळी ते ओरडले नाहीत. मान हलवत वळले आणि आळीच्या दिशेनं चालायला लागले. काचवाली त्यांच्यामागून, थोडं अंतर ठेवून, घरापर्यंत गेली.

मी आणि रबरवाला उभे राहिलो. माझे दात वाजत होते. तो मिशीवरून हात फिरवत रस्त्याकडे बघत होता.

"पुढच्या गुरुवारी मी घालून येतो युनिफॉर्म," तो म्हणाला. "तुम्ही तुमचे कपडे वाळत घाला."

गाडी धरल्याची हाक सोडली, तर इतक्या वर्षांत तो पहिल्यांदाच आपण होऊन माझ्याशी बोलला होता. मी बरं म्हणाले, आणि खोलीवर पोचेपर्यंत त्या सुपरवायझरला शिव्या देत गेले.